पद्मा केबलची पट्टी

“शेवटचं तुम्ही दोघं एकमेकांशी काय बोललात?” असं मी आईला विचारलं तेव्हा ती टीव्हीसमोर बसून गवार मोडत होती. प्रश्न माझा नव्हता, म्हणजे होता, पण तो माझ्या तोंडात घातला पल्लवी आणि ज्योत्स्ना ह्या माझ्या मैत्रिणींनी. त्रिमूर्ती चौकात पाणीपुरीच्या गाडीपुढे उभ्या उभ्या दोघींनी पैज लावली होती, की वक्तृत्वात जिल्ह्यात पहिली आलेली मुलगी स्वतःच्या आईला एक साधा प्रश्न विचारू शकत नसेल तर तिने तो कप शाळेला परत करावा. मी म्हटलं, ह्यात काय, आज विचारते. आणि विचारला. आईचा हात थांबला. शेंग मोडताना जो बारीक कट् असा आवाज होतो तो इतका वेळ घरात चालू होता, हे मला तो थांबल्यावर कळलं. तिने माझ्याकडे पाहिलं नाही. ती टीव्हीच्या पडद्याच्या तळाशी सरकणाऱ्या पट्टीकडे पाहत राहिली, उत्तर तिथूनच सरकत येणार असल्यासारखी. मग म्हणाली, “तुझ्या पप्पांना विचार.” आणि पुन्हा कट्, कट्.

आता हे ऐकून कुणालाही वाटेल की आमच्या घरात भांडणं असतील. तसं अजिबात नाही. आमच्याइतकं शांत घर सगळ्या सिडकोत सापडायचं नाही. आई आणि पप्पा एकमेकांशी बोलत नाहीत, एवढंच. ह्याला अबोला म्हणायला माझी जीभ वळत नाही, कारण अबोल्यात माणूस फुगतं, ताट सरकवतं, कपाटाचं दार उगाच जोरात लावतं. इथे पप्पांच्या शर्टाचं तुटलेलं बटण त्यांना कळायच्या आत लागलेलं असतं, आणि मोगऱ्याच्या दिवसांत टीव्हीवर, अगदी टीव्हीच्या डोक्यावर, ओल्या रुमालात गजरा ठेवलेला असतो, तो कुणी ठेवला आणि कुणी घ्यायचा हे कुणी बोलत नाही. दोघं एकाच सोफ्यावर बसून एकच मालिका बघतात. मालिकेतली माणसं मात्र बोलून बोलून जीव खातात. एकच वाक्य तीन तीन वेळा म्हणतात, दर वेळी वेगळ्या बाजूने चेहरा दाखवून. मला लहानपणी वाटायचं की प्रत्येक घराच्या वाट्याला ठरावीक शब्द येतात आणि आमच्या वाट्याचे शब्द ती माणसं वापरून टाकतात.

पप्पांची केबल आहे. पद्मा केबल. पद्मा म्हणजे आई. सायखेड्याला माहेरी ती चतुरा होती. लग्नात तांदळाच्या ताटात अंगठीने नाव लिहून पप्पांनी तिची पद्मा केली, आणि पुढे केबल टाकली तेव्हा तेच नाव पडद्याच्या उजव्या कोपऱ्यात आलं, छोट्या गुलाबी कमळासकट. त्यामुळे माझी आई पवननगरपासून उत्तमनगरपर्यंत घराघरांत, लोक जेवत असोत की भांडत असोत, कोपऱ्यात कमळ घेऊन गप्प बसलेली असते. आमचं स्वतःचं चॅनेल म्हणजे सकाळी आरती, मग साडीच्या दुकानाची जाहिरात, ज्यात एक बाई माझ्या पहिलीपासून माझ्या दहावीपर्यंत तीच मोरपंखी साडी नेसून गोल फिरतेय, मग दुपारी फोनवरून फर्माईश, आणि खाली सतत ती पट्टी. चि. ओम यास प्रथम वाढदिवसाच्या शुभेच्छा. किल्ल्यांचा जुडगा सापडला आहे, ओळख पटवून नेणे. उद्या पाणी कमी दाबाने येईल. अमुक तमुक यांचा दशक्रिया विधी रामकुंड येथे. आणि ह्या सगळ्यांच्या मध्ये, कुणाचं नाव नाही, गाव नाही, ‘आज जेवायला मल्हारी आहे, चार भाकरी जास्त टाकाव्यात.’ हे पप्पा. आईशी बोलताना.

पप्पा बसतात ती कंट्रोल रूम आमच्याच बिल्डिंगच्या गच्चीवर आहे, पत्र्याची. आम्ही खालच्या मजल्यावर. म्हणजे चार भाकरींचं वाक्य गच्चीवरून निघून, खांबाखांबांवरून, पेरूच्या झाडांतून, पवननगरच्या सगळ्या गल्ल्यांतल्या सगळ्या बायकांच्या डोळ्यांखालून जाऊन मग आमच्या हॉलमध्ये येतं. जिन्याने आलं असतं तर लवकर आलं असतं. आई ते वाचते, उठते, पीठ काढते. आणि उत्तर द्यायचं असेल तर दुपारी फोन उचलते. फर्माइशीचे फोन मल्हारीकाका घेतात. ते आमचे वायरमन, पेठकडचे, कमरेला पकड लावून जन्मलेले. आई हॉलमधून म्हणते, “सायखेड्याहून चतुरा बोलतेय,” आणि एक गाणं सांगते. मल्हारीकाका म्हणतात, बोला चतुराताई, कोणासाठी लावायचं, आणि ती म्हणते, सर्वांसाठी. रात्री तेच मल्हारीकाका आमच्याकडे जेवायला बसले की ‘वहिनी, ठेचा लय भारी’ म्हणतात, आणि दुपारच्या चतुराताईंशी ह्या वहिनींचा काही संबंध असेल असं त्यांच्या मिशीवरसुद्धा दिसत नाही. गाण्यांचा अर्थ मी हळूहळू लावला. कोळीगीत लागलं की घरात सगळं ठीक. अभंग लागला की आई रागावलीये आणि पप्पांनी गच्चीवरून उतरताना दोनदा विचार करावा. लावणी वर्षातून एखाद्या वेळीच लागायची, आणि त्या दिवशी पप्पा केस विंचरून लवकर खाली यायचे.

मी वाचायला ह्या पट्टीवर शिकले. सरकणाऱ्या अक्षरांवर. पहिलीत बाईंनी पुस्तक समोर ठेवलं तर अक्षरं हलेनातच. मला ती मेलेली वाटली. मग मी पुस्तकच हळूहळू डावीकडे सरकवत वाचायला लागले, बाकावरून पुस्तक खाली पडेपर्यंत, आणि पडल्यावर पुन्हा उजवीकडून. बाईंनी आईला बोलावून विचारलं, घरी काही प्रॉब्लेम आहे का. आई म्हणाली, नाय, टीव्ही आहे. आज इतक्या वर्षांनीही परीक्षेत पेपर हातात पडला की आधी क्षणभर मी वाट बघते, की प्रश्न सुरू होईल. आणि वक्तृत्वात मी न अडखळता बोलते त्याचं रहस्य सगळे विचारतात, त्यात रहस्य कसलं, माझ्या डोळ्यांपुढे खाली एक पट्टी जात असते आणि मी ती वाचते. कालपर्यंत मला ह्याचा अभिमान होता.

पट्टीवर आलं की ते खरं, आणि ते सगळ्यांसाठी. आमच्या भागात ही एक श्रद्धाच झाली होती. एका संध्याकाळी पप्पांचं पोट बरं नव्हतं म्हणून त्यांनी टाकलं, ‘आज खिचडी करावी, तिखट नको.’ दिवे लागायच्या सुमाराला मी क्लासमधून येत होते तर अख्ख्या गल्लीत मुगाच्या खिचडीचा वास. पल्लवीच्या घरी खिचडी, गिरणीवाल्यांकडे खिचडी, समोरच्या बिल्डिंगमध्ये लंकाबाईंकडे, ज्या चुकूनही सुनेच्या हातचं मऊ खात नाहीत, त्यांच्याकडेही खिचडी. कुणी म्हणे साथ आलीये, कुणी म्हणे ग्रहण असेल. कारण विचारायला आमच्याकडे कुणीच आलं नाही. सगळे पुढची सूचना यायची वाट बघत टीव्हीसमोर बसले होते. आणि निवृत्तीअण्णांचं तर आजही सांगताना मला हसायचं की काय कळत नाही. त्यांच्या मुलाने सत्तराव्या वाढदिवसाचा मजकूर दिला होता. पप्पांनी दशक्रियेच्या जुन्या मजकुरात नाव बदललं, आणि खालचं बदलायचं राहिलं. तर सकाळी अण्णा स्वच्छ पांढरी टोपी घालून रामकुंडावर हजर. तिथून कुणीतरी मल्हारीकाकांना कळवलं, ते मुलाला मागे बसवून मोटारसायकलवर धावले, तर अण्णा पायरीवर शांत बसलेले. म्हणाले, टीव्हीवर आलं म्हणून आलो, माणसं आली आणि मीच नसलो तर बरं दिसलं नसतं. मुलगा म्हणाला, अहो पण तुम्ही जिवंत आहात. अण्णा म्हणाले, “ते मला माहीत आहे रे, पण पट्टीला काय माहीत?”

मग बाकीचे लोकही शिकले. लंकाबाईंच्या सुनेने टाकलं की ज्यांनी मिक्सरचं भांडं नेलं आहे त्यांनी ते ओट्यावर ठेवावं, आणि लंकाबाईंनी दुसऱ्या दिवशी टाकलं की भांडं ओट्यावरच आहे, डोळे असल्यास दिसेल. दोघी एकाच पलंगावर बसून हे वाचत होत्या. नवरे कंपनीतून फोन करून बायकोसाठी मजकूर द्यायला लागले. दुपारी अंबडच्या कारखान्यांची शिफ्ट सुटायच्या वेळेला पट्टी इतकी भरून वाहायची की वाढदिवसवाल्या पोरांना जागा मिळेना. गल्ल्या शांत झाल्या. खिडकीतून ओरडणं बंद झालं. दाराची बेल वाजली तर लोक आधी टीव्हीकडे बघायचे, कोण आलंय म्हणून. ज्योत्स्ना म्हणते, तुमच्या पप्पांनी सिडको मुकी केली. पण मला ते दिवस आठवले की असं ऊबदार काहीतरी वाटतं, सगळ्या खिडक्यांतून एकच निळा उजेड, सगळ्यांच्या ताटात एकच खिचडी. एका मोठ्या घरात राहिल्यासारखं, ज्यात कुणी कुणाशी बोलत नाही पण सगळ्यांना सगळं माहीत आहे.

तर त्या दिवशी गवारीच्या आवाजातून उठून मी गच्चीवर गेले, कारण पैजेत दोघांनाही विचारायचं असं मी माझ्याच मनाने ठरवून टाकलं होतं. हल्ली मला असं होतं, एक गोष्ट जमली की लगेच दुसरी करावीशी वाटते. पप्पा वायरीचं वेटोळं करत बसले होते. गच्चीवरून आजूबाजूला दिसत होत्या लोकांच्या नव्या डिशच्या छत्र्या, भिंतीभिंतीला लागलेल्या, सगळ्या एकाच दिशेला तोंड करून, शाळेच्या प्रार्थनेसारख्या. त्यांना आमची वायर लागत नाही. आणि राहिलेली घरं मुंबईची एक मोठी कंपनी घेणार, पप्पांनी सही केली होती. महिनाअखेरीला पद्मा केबल बंद. चॅनेल बंद, फर्माईश बंद, पट्टी बंद. हे मला माहीत होतं, सगळ्यांना माहीत होतं, ते पट्टीवरच आलं होतं. पण पप्पांच्या हातात ते वेटोळं बघेपर्यंत ते मला माहीत नव्हतं. मी तोच प्रश्न विचारला. पप्पा वायरीला चिकटपट्टी गुंडाळता गुंडाळता म्हणाले, आईला विचार. मी वळले, जिन्यापाशी पोचले, तेव्हा मागून म्हणाले, “का गं निकू, ती काही म्हणाली का?”

त्या ‘का’मध्ये काहीतरी होतं. मी जिन्यातच बसले. मधल्या वळणावर, जिथून वर गच्चीचं दार दिसतं आणि खाली आमचं. आणि बसल्याबरोबर मला कळलं की ही माझी जागा आहे. मी चार वर्षांची असताना मी इथेच उभी असायचे. केबल यायच्या आधी. गच्चीवर अँटेना होता, आणि रविवारी सकाळी, नेमकं सगळे नाहून-धुऊन टीव्हीसमोर बसले की पडद्यावर मुंग्या यायच्या. पप्पा वर धावायचे. अँटेना फिरवायचे आणि वरून ओरडायचे, आलं का? मी वळणावरून ओरडायचे, आई, आलं का? आई आतून म्हणायची, नाय आलं, मुंग्या. मी वर ओरडायचे, मुंग्या. पप्पा, आता? मी, आता? आई, आलं आलं आलं, गेलं. सगळ्या गल्लीत हेच चाललेलं असायचं. प्रत्येक गच्चीवर एक पुरुष, प्रत्येक खिडकीत एक बाई, आलं, गेलं, थांबा, थोडं गिरणीकडे फिरवा, नको नको देवळाकडे. माझी आई एरवी हळू बोलणारी, पण त्या वेळी तिचा आवाज असा मोकळा सुटायचा, सायखेड्याला नदीच्या पलीकडच्या माणसाला हाक मारल्यासारखा. आणि मी मधे. माझ्या पोटातून त्यांचे शब्द वर जायचे, खाली यायचे. मला गुदगुल्या व्हायच्या. जगात माझ्याशिवाय कुणाचं काही चालत नाही असं मला वाटायचं, आणि ते खरंच होतं. टीव्हीवर काय लागायचं ते मला काहीच आठवत नाही. मला आठवतो जिन्यातल्या फरशीचा गारवा तळपायांना, आणि दोन्हीकडून येणारा तो प्रश्न.

मग पप्पांनी केबल टाकली आणि अँटेना काढला. त्यानंतर पट्टीचा कॉम्प्युटर येईपर्यंत दोनेक वर्षं गेली, त्या काळात मी निरोप पोचवायचे. आईला सांग मी येतो. पप्पांना सांग आंघोळीचं पाणी काढलंय. घरोघरी आया असंच बोलतात, पोराच्या तोंडून नवऱ्याशी, त्यात वेगळं काही नव्हतं. फक्त आमच्याकडे दुसरं बोलणंच उरलं नव्हतं. पट्टी आली आणि मला सुट्टी मिळाली. मी खेळायला जायला लागले. पण कधी कधी खेळता खेळता माझ्या पोटात रिकामं वाटायचं आणि मी घरी येऊन विचारायचे, काही सांगायचंय का कुणाला? आई म्हणायची, नाय गं, आलं टीव्हीवर.

आता माझं. पुण्याच्या कॉलेजात अकरावीच्या यादीत माझं नाव लागलं होतं. तिथे वादविवाद करणारी मोठी मंडळी आहेत, राज्यभर जातात, आणि होस्टेल आहे. मला जायचं होतं. इतकं जायचं होतं की मी स्वप्नात तिथल्या जिन्यावरून धावत होते. पण पट्टी बंद होणार आणि मीही जाणार, मग घरात उरणार गवारीचा आवाज. हे मी कुणाला म्हटलं नाही. घरात मला कुणी काही विचारलंही नाही. यादी लागल्यावर आठवडाभराने पट्टीवर आलं, ‘कु. निकिता हिने पुण्यास जावे किंवा कसे, याबद्दल घरात विचार चालू आहे.’ मी जेवत होते. आईने वाचलं आणि वाटी माझ्यापुढे सरकवली. झालं. दुसऱ्या दिवसापासून सगळी सिडको माझ्यासाठी विचार करायला लागली. ‘निकितास अवश्य पाठवावे – गिरणीवाले.’ ‘पुण्याची हवा मुलींना मानवत नाही – एक हितचिंतक.’ ‘आमचा भाचा तिकडेच आहे, काही लागल्यास – लंकाबाई.’ निवृत्तीअण्णांनी टाकलं, ‘माणसाने वेळेवर जावे.’ रिक्षात बसले तर रिक्षावाला आरशातून म्हणाला, तूच ना निकिता, आमच्या घरात दोन मतं आहेत. शाळेचा दाखला आणायला गेले तर शिपाईमामांनी विचारलं, मग ठरलं का, मी अजून पट्टी बघितली नाही. आणि आई रोज फोन करत होती. एके दिवशी तिने सासरी पाठवणीचं गाणं मागितलं, मी म्हटलं, म्हणजे जा. दुसऱ्या दिवशी पाळणा. तिसऱ्या दिवशी अभंग, तो कुणावर ते कळलं नाही. मल्हारीकाका बिचारे दुपारी खाली येऊन दारात घुटमळले. म्हणाले, “निकू, तुझी आई... म्हणजे त्या सायखेड्याच्या चतुराताई, बरं नाय का त्यांना?”

शेवटच्या दिवशी सगळ्यांना वाटत होतं काहीतरी होईल. नेमकं काय होईल ते कुणाला माहीत नव्हतं. मोरपंखी साडीची बाई शेवटची गोल फिरली. आरती झाली, ती सकाळची संध्याकाळी लावली. पट्टीवर लोकांचे निरोप इतके आले की वाचवेनात, मिक्सरचं भांडं, गावाला सुखरूप पोचलो, माफ कर, सिलिंडर संपला. मग सगळं थांबलं आणि एकच ओळ सुरू झाली, ‘पद्मा केबल आपणा सर्वांची रजा घेत आहे. लोभ असावा.’ ती तीनदा गेली. आई सोफ्याच्या कडेवर बसली होती, पुढे झुकून. ओळ संपली आणि पट्टी रिकामीच सरकत राहिली, म्हणजे सरकत असेल, रिकामी पट्टी सरकते की थांबलीये हे कसं ओळखणार. आई वाट बघत होती. सर्वांची रजा घेऊन झाल्यावर आपली वेगळी घेतली जाईल असं तिला वाटत होतं, हे मला तिच्या मानेकडे बघून समजलं. मग उजवीकडचं कमळ गेलं. पडदा निळा झाला. संध्याकाळचे साडेसात असतील, बाहेर सगळ्या खिडक्या तशाच निळ्या झाल्या, आणि कुठल्यातरी घरात एक बाई खूप दिवसांनी मोठ्याने नवऱ्याला म्हणाली, अहो, लाईन गेली.

आई निळ्या उजेडात बसून होती. मला वाटलं ती रडेल. ती हसली, नाकातून, गावाकडच्यासारखी. आणि मी पुन्हा न विचारता तिने सांगितलं. केबल आली त्या दिवशी पप्पांनी पहिली वायर आमच्याच टीव्हीला जोडली होती, गच्चीवरून त्यांनी शेवटचं ओरडून विचारलं होतं, आलं का. “मी म्हटलं, आलं. लय स्वच्छ आलं. आता हलवू नका.” एवढंच. त्यानंतर पडद्यावर मुंग्या कधी आल्याच नाहीत. तुझ्या पप्पांचं काम फार चांगलं, ती म्हणाली, चित्र बिघडलंच नाही कधी. आधी वाटलं, ते बोलतील. मग वाटलं, आपणच का. मग वाटलं, आता इतक्या दिवसांनी तोंड उघडून काय सांगायचं, कणीक संपली म्हणून? काहीतरी मोठं सांगायला पाहिजे ना. तसं मोठं काही झालंच नाही आपल्याकडे. मग पट्टी आली. हे सगळं ती मला सांगत होती आणि मी ऐकत होते, आणि माझ्या आत कुणीतरी चार वर्षांची पोर आधीच वर धावायला निघाली होती, पप्पांना सांगायला, की पप्पा, आई म्हणते तुमचं काम फार चांगलं. मी सोफ्याचा हात घट्ट धरून बसले. मला माझंच आश्चर्य वाटलं, बसून राहणं इतकं अवघड असतं.

दुसरा दिवस रविवार. दुपारचं जेवण. टीव्ही बंद होता, आणि बंद टीव्हीत आम्ही तिघं दिसत होतो, छोटे, गोलसर, ताटांसकट. पंख्याचा आवाज येत होता. मला कळलं की माझ्या जन्मात आम्ही असं कधी जेवलेलो नाही. पप्पांना गच्चीवर जायचं नव्हतं. ते घरातल्या घरात पाहुण्यासारखे मांडी घालून बसले होते. आमटी त्यांच्या आवडीची होती, आमसुलाची. त्यांनी भुरका मारला, आईकडे पाहिलं, आई दोन हातांच्या अंतरावर बसली होती, आणि मग मान वळवून मला म्हणाले, “निकू, आईला सांग, आमटी फार छान झालीये.” आणि मी सांगायच्या आत आई म्हणाली, पप्पांना सांग, अजून आहे पातेल्यात, संकोच करू नका म्हणावं. खोटं का सांगू, माझ्या पोटात त्या जुन्या गुदगुल्या झाल्या. शब्द ओठांपर्यंत आले. ते दोघं किती आनंदात होते. इतक्या वर्षांनी घरात माणसाचा आवाज फिरत होता आणि तो माझ्यातून फिरायचा होता. ह्यासाठी मी पुणं सोडावं असंही मला एक क्षणभर वाटलं, हसत हसत सोडावं, इथेच एखाद्या कॉलेजात जावं आणि दुपार-संध्याकाळ ह्या दोघांच्या मधे बसून आलं, गेलं, आलं म्हणत राहावं. ती जागा किती गार असते मला माहीत होतं.

मग मी त्यांच्याकडे पाहिलं. दोघंही माझ्याकडे बघत होते. पण माझ्या डोळ्यांकडे नव्हे. थोडं खाली, ओठ आणि हनुवटीच्या मध्ये, जिथे चेहऱ्याचा तळ येतो. पप्पांचे डोळे बारीक झालेले, आईची मान किंचित पुढे. वाचायला बसतात तशी. त्यांच्या चेहऱ्यावर इतका विश्वास होता की आता माझ्यातून काहीतरी सरकत बाहेर येईल, आणि ते खरं असेल, आणि त्यांना एकमेकांकडे बघावं लागणार नाही. मी तिथे नव्हते. निकिता, वक्तृत्वात पहिली, जिच्याबद्दल दोन आठवडे सगळ्या सिडकोने मतं दिली, ती त्या खोलीत कुणालाच दिसत नव्हती. आणि मी राहिले तर एक दिवस मीच माझ्या हनुवटीखाली वाकून वाचत बसेन, आज मला काय म्हणायचंय ते. मी तांब्या उचलला. पाणी प्यायले. पप्पांनी पुन्हा हळूच म्हटलं, “सांगतेस ना?” आईनेही मान हलवली.

मी ताट बाजूला केलं आणि उभी राहिले. मला नेहमी दिसणारी ओळ डोळ्यांपुढे आली नाही. मी वाट बघितली, नाहीच आली. मग मी तशीच बोलले, अडखळत.

“मी पुण्याला जाणार आहे. ह्याच शनिवारी. आणि फोन करेन तेव्हा दोघांशी वेगवेगळं बोलेन, पण ह्याचं त्याला आणि त्याचं ह्याला मी काही सांगणार नाही. दोघं इथे बसलाय, दोघांनी ऐकलंय, म्हणून एकदाच सांगतेय.” मी पप्पांकडे वळले. “आणि आमटीचं, पप्पा, तुमचं तुम्ही सांगा.”